गुन्हेगारीचे आकडे आणि गरिबाची फिर्याद

दरवर्षी राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाचा अहवाल प्रसिद्ध झाला की आमच्या रावेरच्या बाजारपेठेतील चहाच्या बाकावर दोन दिवस तोच विषय असतो. अमुक राज्य गुन्ह्यांत पहिले, तमुक दुसरे, आपला महाराष्ट्र कितवा. मग ओघाने आपल्या जिल्ह्याचे काय, पलीकडे मध्य प्रदेशात काय, आणि अखेरीस कोणत्या जातीची माणसे कशी असतात, येथवर गाडी येते. एखादा प्रदेशच मुळी गुन्हेगार असतो आणि एखादा सज्जन, अशी समजूत या चर्चेच्या मुळाशी असते. अर्थशास्त्र शिकविण्यात ज्याचे आयुष्य गेले त्याला आकड्यांविषयी आदर असतो. परंतु आकडा कोठून आला हे विचारण्याची खोडही असते. ती खोड या विषयाला लावून पाहावी, एवढ्यासाठी हा लेख.

प्रथम एक लहानसा प्रसंग सांगतो. गेल्या वर्षी पालच्या बाजूचा एक पावरा मजूर, जो आमच्या शेजारच्या केळीच्या बागेत कामाला येतो, सकाळीच दाराशी आला. आठवडी बाजारातून त्याची सायकल गेली होती. ती त्याने जुनी म्हणून बावीसशे रुपयांना घेतली होती आणि तिच्यावरच तो रोज कामाला जात असे. मी त्याच्याबरोबर एका पोलीस ठाण्यात गेलो. तेथील अंमलदार सौजन्याने वागले. त्यांनी किंमत विचारली आणि म्हणाले, "सर, पाच हजारांच्या आतली चोरी आहे. एन.सी. करून देतो. तपास करायचा तर न्यायालयाचा हुकूम लागेल." त्यांनी सांगितले ते कायद्याला धरूनच होते. बाहेर आल्यावर त्या मजुराने हातातला कागद उलटसुलट करून पाहिला आणि मला विचारले, "सर, म्हणजे माझी सायकल चोरीला गेली नाही असं म्हणायचं का?"

त्याच्या प्रश्नाचे उत्तर असे की, त्याच्या दृष्टीने सायकल गेली. देशाच्या गुन्हेगारीच्या कोष्टकाच्या दृष्टीने ती गेली नाही. १ जुलै २०२४ पासून नव्या फौजदारी संहिता अमलात आल्या. त्यांच्या परिशिष्टानुसार पाच हजार रुपयांपेक्षा कमी किमतीच्या मालाची साधी चोरी अदखलपात्र ठरली. राष्ट्रीय अहवालात मोजले जातात ते दखलपात्र गुन्हे. तेव्हा यापुढे एखाद्या जिल्ह्यात चोऱ्या घटल्याचे आपण वाचू, त्या वेळी चोर घटले की चोरीची व्याख्या बदलली, हा प्रश्न आधी विचारावा लागेल. आणि पाच हजारांच्या आतली वस्तू कोणाची चोरीला जाते? जुनी सायकल, कोंबड्या, तांब्या-पितळेची चार भांडी, मजुरीतून घेतलेला साधा फोन ही गरिबाची मालमत्ता आहे. श्रीमंताची मोटार गेली तर ती कोष्टकात येते. गरिबाचे जे जे म्हणून चोरीला जाऊ शकते ते बव्हंशी कोष्टकाबाहेर राहते. न्यायालयांवरील भार हलका करणे हा हेतू समजण्यासारखा आहे. किरकोळ चोरीसाठी पहिल्यांदा सापडलेल्यास तुरुंगाऐवजी समाजसेवेची शिक्षा देण्याची तरतूदही स्वागतार्ह आहे. परंतु पाच हजार रुपये ही रक्कम केळीच्या बागायतदाराला आणि त्याच्या मजुराला सारखी नसते, हे विसरून केलेला कायदा समान म्हणता येत नाही.

गुन्ह्याचा आकडा कसा तयार होतो ते क्रमाने पाहू. एक घटना घडते. ती सोसणाऱ्याला हा गुन्हा आहे असे वाटावे लागते. त्याला ठाण्यापर्यंत जाण्याची हिंमत, सवड आणि गाडीभाडे लागते. ठाण्यात फिर्याद दखलपात्र म्हणून नोंदली जावी लागते. एका फिर्यादीत अनेक गुन्हे असतील तर त्यांतील सर्वांत गंभीर तेवढा मोजला जातो. मग जिल्ह्याची, राज्याची बेरीज होते आणि तिला लोकसंख्येने भागून दर लाख वस्तीमागे दर काढला जातो. ही लोकसंख्याही अंदाजलेली, कारण २०११ नंतरची जनगणना २०२१ साली व्हावयाची होती ती झाली नाही. या साखळीची एक कडी जरी एका प्रदेशात भक्कम आणि दुसऱ्यात कमकुवत असली, तरी प्रत्यक्ष गुन्हे सारखे असूनही दर भिन्न दिसतात.

याचे उदाहरण म्हणून केरळ घ्या. नोंदलेल्या गुन्ह्यांच्या दरात ते राज्य वर्षानुवर्षे वरच्या पंक्तीत असते. २०२२ साली भारतीय दंडविधानाखालील गुन्ह्यांची राष्ट्रीय सरासरी दर लाखामागे २५८ होती. केरळ तिच्या बराच वर आणि उत्तर प्रदेश बराच खाली. मग केरळी माणूस उत्तर प्रदेशातील माणसापेक्षा अधिक गुन्हेगार मानावयाचा काय? त्याच वर्षी केरळात तपास पुरा झालेल्या गुन्ह्यांपैकी ९६ टक्के प्रकरणांत दोषारोपपत्र दाखल झाले, हे देशातील सर्वाधिक प्रमाण. साक्षर माणूस फिर्याद देतो, ठाणे ती घेते आणि तपास तडीस जातो. अशा ठिकाणी मोठा आकडा हा कारभाराच्या आरोग्याचा पुरावा असू शकतो. उलटपक्षी, जेथे आकडा लहान आहे तेथे शांतता आहे की केवळ भीतीचे मौन आहे, हे आकडा सांगत नाही.

दुसरे उदाहरण कालक्रमाचे. २०१२ साली दिल्लीत बलात्काराचे ७०६ गुन्हे नोंदले गेले. २०१३ साली १,६३६. देशभरात हाच आकडा २४,९२३ वरून ३३,७०७ वर गेला. एका वर्षात पुरुषजात दुपटीने बिघडली नाही. डिसेंबर २०१२च्या त्या भीषण घटनेनंतर स्त्रिया बोलू लागल्या, २०१३च्या दुरुस्तीने कायद्याची व्याख्या रुंदावली आणि अशी फिर्याद न घेणाऱ्या पोलिसाला शिक्षेची तरतूद झाली. त्याच वर्षी नोव्हेंबरात ललिताकुमारी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने दखलपात्र गुन्ह्याची प्रथम खबर नोंदणे बंधनकारक ठरविले. आकडा वाढला तो समाजाच्या धिटाईमुळे. त्या वाढीचा ज्यांनी केवळ सरकारला झोडपण्यासाठी उपयोग केला, त्यांनी नकळत स्त्रियांनी पुन्हा गप्प राहावे अशीच व्यवस्था केली. कारण आकडा वाढला की ज्या अधिकाऱ्याची बदली होते, तो अधिकारी पुढच्या खेपेस आकडा वाढू देत नाही. या दोषातून आपली पत्रकेही मुक्त नाहीत, हे कबूल केले पाहिजे.

आमच्या खानदेशाला तर या मौनाचा धडा फार दारुण रीतीने मिळालेला आहे. १९९४ साली जळगावातील जे लैंगिक शोषणाचे प्रकरण उघडकीस आले आणि साऱ्या महाराष्ट्राला हादरवून गेले, ते आदल्या रात्री घडलेले नव्हते. धमक्या आणि छायाचित्रांच्या धाकाखाली मुलींचे शोषण काही वर्षे चालू होते. त्या वर्षांच्या पोलीस अहवालांत त्याची नोंद कोठली असणार? कागदोपत्री जळगाव शांत होते. आणि पुढे खटले उभे राहिले तेव्हा साक्षीदारांनी मागे फिरावे इतका समाजाचा दाब होता. परिणामी बहुतेक आरोपी सुटले. शून्य हाही एक आकडा असतो, आणि पुष्कळदा तोच सर्वांत खोटा असतो.

यावर कोणी म्हणेल की, मग सगळे आकडे टाकून द्यावेत काय? तसे मुळीच नाही. प्रदेशाप्रदेशांत गुन्ह्यांचे प्रमाण खरोखर भिन्न असते, आणि त्या भिन्नतेत समाजरचनेचे मर्म दडलेले असते, हे पावणेदोनशे वर्षांहून अधिक काळ माहीत आहे. फ्रान्समध्ये १८२५ सालापासूनची न्यायालयीन आकडेवारी जमवून आंद्रे मिशेल गेरी याने १८३३ साली तेथील प्रांतवार नकाशे प्रसिद्ध केले. दारिद्र्य तेथे गुन्हा, या समजुतीला त्याने तडा दिला. मालमत्तेविरुद्धचे गुन्हे अधिक होते ते उत्तरेकडील सधन प्रांतांत. कारण चोरण्यासारखे तेथेच होते. त्याच सुमारास बेल्जियमच्या केतले याने असे मत मांडले की गुन्ह्याची सिद्धता समाज करीत असतो आणि गुन्हेगार हे त्याचे केवळ साधन असते. आपल्या विचारपरंपरेला हे मत जवळचे वाटावे. मात्र ते घोषणा म्हणून न घेता तपासावयाचे विधान म्हणून घेतले पाहिजे.

तपासावयाचे तर खुनाचा आकडा त्यातल्या त्यात विश्वासार्ह, कारण प्रेत लपविणे अवघड असते. २०२२ साली देशात खुनाचे २८,५२२ गुन्हे नोंदले गेले, म्हणजे दर लाखामागे २.१. झारखंडात हा दर ४ होता, बिहारात २.३, महाराष्ट्रात १.८ आणि उत्तर प्रदेशात १.५. मुंबईच्या स्थानकांवर उत्तरेकडून उतरणाऱ्या श्रमिकाकडे गुन्हेगार म्हणून बोट दाखविणाऱ्यांनी शेवटचे दोन आकडे शेजारी ठेवून पाहावेत. उत्तर प्रदेशात सर्व काही आलबेल आहे असा याचा अर्थ नव्हे. परंतु ज्या पूर्वग्रहावर महाराष्ट्रात राजकारण उभे केले गेले, त्याला सर्वांत कठोर गुन्ह्याच्या आकड्यातही आधार सापडत नाही, एवढे निश्चित.

मग खुनाचे प्रमाण कशावर अवलंबून असते? ज्याँ द्रेझ आणि रीतिका खेरा यांनी १९८१च्या सुमाराचे जिल्हावार आकडे घेऊन केलेला अभ्यास २००० साली प्रसिद्ध झाला. त्यांना गरिबीशी किंवा नागरीकरणाशी खुनाच्या प्रमाणाचा ठळक संबंध आढळला नाही. साक्षरता जेथे अधिक तेथे खून कमी, असे दिसले. आणि सर्वांत दृढ संबंध दिसला तो स्त्री-पुरुष प्रमाणाशी: दर हजार पुरुषांमागे स्त्रिया जेथे कमी, तेथे खून अधिक. हे एकमेकांचे कारण आहे असे त्यांनी म्हटलेले नाही. दोहोंच्या मागे पुरुषसत्तेची एकच मुळी असणे संभवते.

हा निष्कर्ष आमच्या दारात आणून ठेवला तर मान खाली घालावी लागते. २०११च्या जनगणनेत जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांखालील दर हजार मुलग्यांमागे ८४२ मुली होत्या. दहा वर्षांपूर्वी त्या ८८० होत्या. शेजारचा नंदुरबार जिल्हा आदिवासी, गरीब, साक्षरतेत मागे; तेथे हेच प्रमाण ९४४. केळी, कापूस, सिंचन आणि शिक्षण यांनी आम्ही सधन झालो आणि जन्माला येण्यापूर्वीच मुलगी नाहीशी करण्याचे तंत्र विकत घेऊ शकलो. गर्भलिंगनिदान हा १९९४च्या कायद्याने गुन्हा आहे. या प्रत्येक गुन्ह्यात डॉक्टर, पती, सासू-सासरे असे अनेक सहभागी असतात, पण फिर्यादी कोणीच नसतो. म्हणून ठाण्याच्या नोंदवहीत हा गुन्हा जवळजवळ दिसत नाही. दिसतो तो जनगणनेत. कोणता प्रदेश अधिक गुन्हेगार, या प्रश्नाचे उत्तर कोणती वही उघडली यावर अवलंबून असते, ते असे.

प्रदेशाला आणि जमातीला गुन्हेगार ठरविण्याचा इतिहासही खानदेशाने भोगलेला आहे. १८१८ साली इंग्रजांचा अंमल येथे आला तेव्हा भिल्लांच्या लुटालुटीने त्यांचे अधिकारी हैराण झाले होते. गावाच्या जागलीचे जे परंपरागत हक्क भिल्लांना होते, ते पेशवाईच्या अखेरच्या धामधुमीत बुडाले होते. हक्क गेला आणि रखवालदार लुटारू झाला. काही वर्षे बंदुकीने भागेना, तेव्हा १८२५ साली धरणगाव येथे आउट्रमने भिल्लांचीच पलटण उभारली. पगार सुरू होताच कालचे दरोडेखोर शिपाई झाले. साहेबाचा हेतू उदात्त होता असे नाही. त्याला स्वस्तात बंदोबस्त हवा होता. परंतु गुन्हा रक्तात नसून उपजीविकेत असतो, याचा इतका स्वच्छ प्रयोग क्वचितच झाला असेल. तरीही त्याच सरकारने १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला आणि जन्मतः गुन्हेगार ही कल्पना कायद्याच्या पुस्तकात बसविली. १९५२ साली तो रद्द झाला. पाठोपाठ सराईत गुन्हेगारांचे कायदे आले. कैद्यांना जातीवरून कामे वाटणारे तुरुंगांचे नियम घटनाबाह्य ठरण्यास ऑक्टोबर २०२४ उजाडावा लागला. जेथे पारध्याच्या पालावर रात्री धाड पडते आणि बंगल्यावर पडत नाही, तेथे पारध्यांचे आकडे वाढणारच. ते आकडे गुन्ह्यांचे कमी आणि धाडींचे अधिक असतात.

शहाद्याची आठवण जुन्या कार्यकर्त्यांना सांगावयास नको. त्या काळी धुळे जिल्ह्यात असलेल्या या तालुक्यात सधन शेतकऱ्यांनी पीक संरक्षण सोसायट्या काढल्या, पगारी रखवालदार ठेवले आणि चार कणसांच्या संशयावरून आदिवासी मजुराला मारहाण होऊ लागली. ज्या जमिनीतली ती कणसे, त्यांपैकी पुष्कळ जमीन कर्जाच्या कागदावर अंगठे घेऊन त्याच आदिवासींकडून गेली होती. कणीस नेणे ही चोरी ठरली आणि जमीन नेणे हा व्यवहार. १९७२ साली श्रमिक संघटना उभी राहिली, लढे झाले, आणि आदिवासींच्या जमिनी परत करण्याचा कायदा १९७४ साली राज्याला करावा लागला, तेव्हा कोठे या व्यवहाराला अन्याय हे नाव मिळाले. गुन्हा म्हणजे काय हे ठरविण्याचा अधिकार ज्याच्या हाती, त्याचे गुन्हे कोष्टकात येत नाहीत.

कोष्टकाचा आणखी एक दोष अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला खुपतो. त्यात प्रत्येक फिर्यादीचे वजन एकच असते. जळगाव नगरपालिकेच्या घरकुल योजनेतील अपहाराचा गुन्हा २००६ साली नोंदला गेला आणि २०१९ साली धुळ्याच्या विशेष न्यायालयाने अठ्ठेचाळीस जणांना दोषी ठरविले. पुढे प्रकरण अपिलात गेले. झोपडपट्टीतील हजारो कुटुंबांच्या घरांचा हा प्रश्न, पण गुन्ह्यांच्या बेरजेत त्याचे स्थान एक. मोटारसायकल चोरीला गेली तरी एकच. त्याच रीतीने, ऑक्टोबर २०२० मध्ये रावेरलगत बोरखेडा रस्त्यावरच्या शेतात, सीमेपलीकडून रखवालीला आलेल्या एका कुटुंबाच्या चार लेकरांची झोपडीत हत्या झाली. आई-बाप त्या रात्री घरी नव्हते. गुन्हा क्रमांक एक. त्या एकाच्या पोटात चार मुले आहेत, आणि परक्या बागेत, वस्तीपासून दूर, दाराला धड कडी नसलेल्या झोपडीत राहणाऱ्या शेकडो कुटुंबांची असुरक्षितताही आहे. या कुटुंबांची नोंद कोणाकडे आहे? ज्याच्या केळीची राखण ती करतात त्याच्याकडे नाही, ग्रामपंचायतीकडे नाही, कामगार खात्याकडे नाही. त्यांची मोजदाद प्रथम होते ती पंचनाम्यात.

तेव्हा आपण काय करावयाचे? आकड्यांचे राजकारण दोन्ही बाजूंनी सोपे आहे. आकडा वाढला की विरोधकाने ओरडावे आणि घटला की सत्ताधाऱ्याने पाठ थोपटून घ्यावी. समाजवादी कार्यकर्त्याला हा सोपा मार्ग मोकळा नसावा. गुन्हेगारी वाढली अशी हाकाटी जेव्हा जेव्हा होते, तेव्हा कडक कायदे येतात, आणि त्या कायद्यांचा पहिला फटका ज्याच्यापाशी जामिनाचे पैसे नसतात त्याला बसतो. २०२२च्या अखेरीस देशातील तुरुंगांत ५,७३,२२० कैदी होते. त्यांतील सुमारे तीन चतुर्थांश खटला न संपलेले कच्चे कैदी होते.

माझ्या मते करण्याजोगी कामे साधी आहेत. प्रत्येक तालुक्यात दोघा-तिघा कार्यकर्त्यांनी फिर्यादीबरोबर ठाण्यात जाण्याचे व्रत घ्यावे. दखलपात्र गुन्हा असेल तर प्रथम खबर नोंदवून तिची विनामूल्य प्रत मागावी. हद्दीचे कारण सांगितले गेल्यास, नव्या संहितेनुसार हद्द कोणतीही असो, खबर घ्यावीच लागते हे नम्रपणे दाखवून द्यावे. बुऱ्हाणपूरच्या सीमेवरच्या आमच्या तालुक्यात याचे महत्त्व फार. तीन ते सात वर्षांच्या शिक्षेच्या गुन्ह्यांत वरिष्ठांच्या परवानगीने चौदा दिवसांची प्राथमिक चौकशी करता येते. ते चौदा दिवस मोजावेत. एन.सी.ची चिठ्ठी मिळाली तर ती फेकू नये. आपल्या वहीत तारीख, वस्तू, किंमत आणि त्या माणसाच्या किती दिवसांच्या मजुरीइतकी ती किंमत होते, एवढे लिहून ठेवावे. वर्षाअखेर दखलपात्र, अदखलपात्र आणि नुसते अर्ज असे तीनही आकडे माहितीच्या अधिकाराखाली मागवून आपल्या वहीशी ताडून पाहावेत. पाच हजारांची मर्यादा बदलावी ही मागणी मग भावनेवर नव्हे तर पुराव्यावर उभी राहील.

आणि एक मन घट्ट करून करावयाचे काम. असे केल्याने आपल्या तालुक्याचा गुन्ह्यांचा आकडा वाढेल. वर्तमानपत्रे लिहितील, विरोधक बोलतील, गावातील प्रतिष्ठित म्हणतील की तुम्ही गावाची अब्रू घालविली. त्या वेळी न डगमगता सांगता आले पाहिजे की गुन्हे वाढलेले नाहीत, आजवर गिळलेल्या फिर्यादी बाहेर आल्या आहेत.

तो पावरा मजूर अजून पायीच कामावर येतो. त्याच्या चिठ्ठीची एक नक्कल मी माझ्या वहीत लावली आहे. बावीसशे रुपये, त्याच्या हिशेबाने सात दिवसांहून अधिक मजुरी. रावेर तालुक्याच्या वहीतील ती पहिली नोंद आहे.